नाव ठेवायचं की नावं ठेवायची?

मैत्रिणींनो, आपल्या मराठीची गंमत पाहा. बाळाचं आपण नाव ठेवतो आणि शेजारणीला नावं ठेवतो. मध्ये अंतर काय, तर एका अनुस्वाराचं! पण या एका टिंबावरून एखाद्या घरात केवढं महाभारत घडू शकतं, ते परवा आलेल्या एका पत्रावरून कळलं.

पत्र बदलापूरच्या एका सासूबाईंचं आहे. सूनबाई नाशिकच्या, मराठी ख्रिस्ती घरातल्या. मुलाने पसंत केली, दोन्ही घरांनी थोडं रुसून-फुगून मान्य केली आणि आता सगळं सुरळीत चाललं आहे. घरात पहिली नात आली. पेढ्यांऐवजी बर्फी वाटली, आनंदीआनंद झाला. मग सूनबाईने नाव सांगितलं: ‘कॉर्नेलिया’. तिच्या पणजीचं नाव. बाकी कशातच तिचा हट्ट नाही. कुंकू, सणवार, श्रावणी सोमवार, सगळं ती हौसेने करते. हट्ट काय तो एवढाच.

बाळाची आत्या उल्हासनगरला दिलेली. तिनं साफ सांगून टाकलं, “पाळण्यात कुर्र मी करायचं ना? मग हे नाव माझ्या जिभेला वळायचं नाही.” सासूबाईंच्या लोकलच्या डब्यातल्या मैत्रिणींनी तर मटार सोलता सोलता निकालच लावला. अंबरनाथला चढणारी एक म्हणाली, “शाळेत पोरं तिला कॉर्न म्हणतील, कॉर्न! स्टेशनवर बटर लावून मिळतो तो.” सगळा डबा हसला. सासूबाईही हसल्या, पण घरी येईपर्यंत त्यांना रडू कोसळलं. “मी कुणाची बाजू घेऊ?” असं त्यांनी विचारलं आहे.

बाजू नंतर घेऊ. आधी त्या नावाशी ओळख तर करून घेऊ या.

कॉर्नेलिया हे नाव लॅटिन, म्हणजे जुन्या रोमन लोकांच्या भाषेतलं. त्याचा मक्याच्या कणसाशी काडीचाही संबंध नाही, हे डब्यातल्या मैत्रिणींना खुशाल सांगा. इंग्रजीतलं धान्याचं ‘कॉर्न’ वेगळ्या मुळातून आलेलं आहे. हे नाव बहुधा ‘कॉर्नू’ या शब्दावरून आलं. कॉर्नू म्हणजे शिंग. याच कॉर्नूची आणखी दोन लेकरं आपल्या अगदी परिचयाची आहेत. डोळ्यांच्या डॉक्टरांचा ‘कॉर्निया’ हे एक, आणि दुसरं तळपायाला होणारं कुरूप. त्यालाही इंग्रजीत कॉर्नच म्हणतात, कारण ते शिंगासारखं टणक! भाषेचे अभ्यासक तर असं सांगतात की, लॅटिनमधला कॉर्नू आणि आपल्या संस्कृतातला ‘शृंग’ हे मुळात एकाच घराण्यातले शब्द आहेत.

शिंग म्हटल्यावर नाक मुरडू नका. अंबरनाथचं शिवालय पाहिलंय ना? शिलाहारांच्या काळातलं, तिथल्या शिलालेखाप्रमाणे इ. स. १०६० चं. शंकराच्या देवळात गेल्यावर नंदीच्या पाठीवर हात ठेवून दोन शिंगांच्या मधून पिंडीचं दर्शन घ्यायची आपली रीत आहे. त्याला शृंगदर्शन म्हणतात. तिकडच्या लोकांनाही शिंगाचं कौतुक होतंच. त्यांची भाग्यदेवता हातात फळाफुलांनी ओसंडणारं शिंग घेऊन उभी असते. आपल्या लक्ष्मीच्या हातून मोहरा ओघळतात ना, तसंच.

आता या नावाचा दुसरा पदर, आणि तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो. जुन्या रोममध्ये पुरुषांना स्वतःचं, कुळाचं आणि शाखेचं अशी दोन-तीन नावं असत. बायकांना मात्र सहसा कुळाचंच नाव. कॉर्नेलियस कुळातली प्रत्येक मुलगी कॉर्नेलिया! दोघी बहिणी असल्या तर थोरली कॉर्नेलिया आणि धाकटी कॉर्नेलिया. आपल्याकडेही जुन्या घरांतून ‘थोरली’ आणि ‘धाकटी’ अशाच हाका मारत, तेव्हा फार हसायला नको. पण एक गोष्ट मात्र आपल्याहून निराळी. लग्न झालं म्हणून रोमन बाईचं नाव बदलत नसे. आपल्याकडे ताटात तांदूळ पसरून अंगठीने नवं नाव लिहायचं आणि माहेरचं पुसून टाकायचं. सिंधी घरांतूनही लग्नात नवरीचं नाव बदलण्याची चाल आहे. तुमच्यापैकी किती जणींना माहेरच्या नावाने हाक मारणारं माणूस आता उरलंय? आठवून पाहा.

रोमच्या सगळ्या कॉर्नेलियांत एक फार गाजली. ती स्किपियो या मोठ्या सेनापतीची धाकटी मुलगी. तिला बारा मुलं झाली, त्यांतली तीनच जगली. दोन मुलगे, तिबेरियस आणि गायस, आणि एक मुलगी. नवरा लवकर गेला. इजिप्तच्या टॉलेमी राजाने तिला मागणी घातली होती म्हणतात. ती तिनं नाकारली आणि मुलांच्या शिक्षणाला वाहून घेतलं. तिची एक गोष्ट सांगतात. एक श्रीमंत बाई तिच्याकडे आली आणि आपले दागिने दाखवत बसली. कॉर्नेलियाने तिला बोलण्यात गुंतवून ठेवलं. मुलं शाळेतून परतल्यावर त्यांच्याकडे बोट दाखवून ती म्हणाली, हे माझे दागिने.

गोष्ट गोड आहे, पण मला विचाराल तर बायकांना दागिने न करून देणाऱ्या नवऱ्यांनीच ती जास्त पसरवली असावी! कॉर्नेलिया एवढीच नव्हती. ती शिकलेली होती, तिच्याभोवती विद्वानांचा गोतावळा असे, आणि तिची पत्रं वाचून पुढे सिसेरोसारख्या वक्त्याने तिच्या भाषेची वाखाणणी केली. तिच्या दोन्ही मुलांनी गरिबांना जमिनी मिळाव्यात म्हणून लढा मांडला आणि दोघांचाही त्यातच अंत झाला, थोरल्याचा इ. स. पूर्व १३३ मध्ये आणि धाकट्याचा १२१ मध्ये. त्यानंतरही ती ताठ मानेनं जगली. रोममध्ये तिचा पुतळा उभारला होता. पुतळा गेला, पण त्याचा चौथरा १८७८ मध्ये सापडला. त्यावर कोरलं आहे ते असं: अमक्याची मुलगी आणि तमक्यांची आई. सुरुवातीला तिचं नाव, आणि तेही तिचं एकटीचं नव्हे, कुळाचं.

हे नाव ख्रिस्ती घरांत शिरलं त्याला बायबलचाही हातभार आहे. ‘प्रेषितांची कृत्ये’ या भागात कॉर्नेलियस नावाचा एक रोमन शताधिपती येतो. यहुदी नसूनही तो येशूचा अनुयायी झाला. पुढे युरोपभर मुलांचं कॉर्नेलियस आणि मुलींचं कॉर्नेलिया रुजलं. हॉलंडात तर फारच. लाडाने नेली, कोरा, लिया असंही म्हणतात.

आणि नाशिक? सूनबाईंच्या पणजीला हे नाव कोणी दिलं ते मला ठाऊक नाही. पण नाशिकने या नावाची एक अशी लेक पाहिली आहे की तिचं चरित्र प्रत्येक मुलीनं वाचावं. कॉर्नेलिया सोराबजी, जन्म १५ नोव्हेंबर १८६६. वडील रेव्हरंड सोराबजी खरसेटजी, पारशी घरातून ख्रिस्ती झालेले. आई फ्रान्सिना हिला लहानपणी फोर्ड नावाच्या इंग्रज दांपत्याने आपल्या घरी वाढवलं होतं. त्या लेडी फोर्ड यांचं नाव कॉर्नेलिया. मानलेल्या आजीचं नाव नातीला दिलं. पाहा, इथेही आजीच! फ्रान्सिनाबाईंनी पुढे पुण्यात मुलांसाठी शाळा काढल्या आणि आपल्या मुलींनाही हातचं न राखता शिकवलं.

कॉर्नेलिया पुण्याच्या डेक्कन कॉलेजात गेली तेव्हा तिथं सगळे मुलगेच. वर्गाचं दार तिच्या तोंडावर लावून घेण्यापर्यंत पोरांची मजल गेली, असं तिने पुढे लिहून ठेवलं आहे. तरी ती पहिल्या वर्गात उत्तीर्ण झाली आणि मुंबई विद्यापीठाची पहिली स्त्री पदवीधर ठरली. तिच्या क्रमांकाला विलायतेला जाण्याची सरकारी शिष्यवृत्ती मिळायला हवी होती. मिळाली नाही. कारण? बाई! मग ती अहमदाबादच्या गुजरात कॉलेजात शिकवू लागली, तेही मुलग्यांना. इंग्लंडमधल्या हितचिंतकांनी वर्गणी काढली. वर्गणी देणाऱ्यांत फ्लॉरेन्स नाइटिंगेलही होत्या. अशी ती १८८९ मध्ये ऑक्सफर्डच्या सोमरव्हिल कॉलेजात पोचली.

पुण्याहून मुंबईला जाणारी गाडी तेव्हाही बदलापूर-अंबरनाथवरूनच जायची, हं. आपल्याच रुळांवरून ती गेली असणार, हे मला उगीचच आवडतं.

१८९२ मध्ये ऑक्सफर्डची कायद्याची मोठी परीक्षा देणारी ती पहिली स्त्री. मुलग्यांबरोबर बसू देण्यासाठी विद्यापीठाला खास ठराव करावा लागला. परीक्षा दिली, पण पदवी नाही. ऑक्सफर्ड १९२० पर्यंत बायकांना पदवीच देत नव्हतं. इकडे परत येऊन १८९७ मध्ये मुंबईची एलएल. बी. आणि १८९९ मध्ये अलाहाबादची वकिलीची परीक्षाही दिली, तरी कोर्टात उभं राहता येईना. १९२३ च्या कायद्याने ती आडकाठी दूर झाली, तेव्हा ती छप्पन्न वर्षांची होती! मधली वर्षं तिनं फुकट घालवली नाहीत. १९०४ पासून ती बंगाल सरकारच्या कोर्ट ऑफ वॉर्ड्सकडे होती. पडद्यात राहणाऱ्या विधवा, अनाथ वारस, ज्यांच्या जमिनी दीर-भाऊबंद गिळायला टपलेले आणि ज्यांना परपुरुष वकिलासमोर यायची चोरी, अशा सहाशेहून अधिक जणांची प्रकरणं तिनं हाताळली. वकील बाई असेल तरच त्या बायका बोलू शकणार, ही साधी गोष्ट तिला कळली होती.

ती सगळ्यांना आवडावी अशी नव्हती, हेही सांगते. इंग्रजी राज्यावर तिचा विश्वास होता, गांधीजींची चळवळ तिला पटली नाही, आणि त्यामुळे आपल्या देशात तिचं नाव मागे पडलं. १९५४ मध्ये लंडनला ती वारली. पण आज कोर्टात काळा कोट घालून उभ्या राहणाऱ्या प्रत्येक मुलीच्या वाटेवरचे काटे तिनं आधी तुडवले आहेत, आणि तेवढ्यापुरता तरी आपण तिला नमस्कार करायला हवा.

आता सासूबाईंच्या व्यवहाराच्या शंका. नाव ठरेना म्हणून जन्माची नोंद अडवून ठेवू नका. नोंद २१ दिवसांत करायची असते. बाळाचं नाव मागाहून घालता येतं, वर्षाच्या आत विनाशुल्क. अक्षरं एकदाच नीट ठरवा, ‘कॉर्नेलिया’, आणि जन्मदाखला, आधार, शाळा, सगळीकडे तीच राहू द्या. एका काना-मात्रेपायी पुढे केवढे हेलपाटे पडतात! आणि महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांच्या नावात आधी बाळाचं, मग आईचं, मग वडिलांचं नाव आणि शेवटी आडनाव असा क्रम सरकारी कागदांवर आला आहे. म्हणजे तुमच्या नातीच्या नावात तिची आईही असेल. रोमच्या त्या चौथऱ्यावर आईला जागाच नव्हती.

अनोळखी नाव तोंडात बसत नाही म्हणता? कल्याण कॅम्पला १९४९ मध्ये उल्हासनगर हे नाव मिळालं, नदीवरून. सिंधमधून सगळं सोडून आलेल्या माणसांना ते तरी कुठे ओळखीचं होतं? आज पत्ता सांगताना कुणी अडखळतं का? आणि तुमचं बदलापूर! इथे प्रवासी घोडे बदलत म्हणून ते नाव पडलं असं सांगतात. बदलाचं गाव ते.

राहिली आत्याबाई. तिला रागावू नका, मान तिचाच आहे. बारशाच्या आधी दोन दिवस तिला बोलावून घ्या. सूनबाईच्या शेजारी बसवा आणि तुकडे पाडून म्हणायला लावा: कॉर्, ने, लि, या. चार तर तुकडे. सात-आठदा म्हटलं की जीभ आपोआप वळते. पाळण्याचं नाव म्हणून दुसरं एखादं हवं असेल तर तेही ठेवा. गोविंद घ्या, गोपाळ घ्या म्हणताना आपण कुठे एकावर थांबतो? लाडाचं ‘लिया’ आजीने म्हणावं. पण कानात पहिलं कुर्र होईल ते पणजीच्या नावाचं असू द्या. मी सूनबाईची बाजू घेतली म्हणून रागावला नाहीत ना? घुगऱ्या कशा झाल्या ते मात्र कळवा.