गिरडच्या टेकडीतला बेताल काळ

वर्धा जिल्ह्याच्या समुद्रपूर तालुक्यात गिरड नावाचे गाव आहे. तिथल्या टेकडीवर बाबा शेख फरीद यांचा दर्गा आहे. हिंदू आणि मुसलमान दोघेही तिथे नवस बोलायला आणि फेडायला जातात. या टेकडीवर पायाखाली गोल, लांबट, खडबडीत दगड सापडतात. त्यांची कथा इंग्रजी अमदानीतल्या गॅझेटियरमध्येही नोंदलेली आहे. दोन फिरत्या व्यापाऱ्यांनी बाबांची टिंगल केली, म्हणून त्यांच्याजवळच्या साऱ्या मालाचे, नारळांसकट, दगड झाले. व्यापारी शरण आले, तेव्हा बाबांनी वाळक्या पानांपासून त्यांना नवा माल करून दिला. मग ते दोघे मरेपर्यंत बाबांच्याच सेवेत राहिले.

ही श्रद्धेची गोष्ट आहे. तिची चिकित्सा करणे हा माझा हेतू नाही. मला नवल वाटते ते वेगळ्याच गोष्टीचे. कथेत काळ एका क्षणात उडी मारतो, आणि भूशास्त्रज्ञांना विचारले तर तेही सांगतात की या टेकडीत काळ सरळ चालीने चाललेला नाही. कुठे तो सुसाट धावला आहे, तर कुठे हजारो वर्षे नुसता बसून राहिला आहे.

गिरडची टेकडी काळ्या पाषाणाची, म्हणजे बेसाल्टची. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडून त्यांतून लाव्हा वाहिला आणि थिजला. त्यावर दुसरा थर आला, मग तिसरा. आज उरलेले हे थर सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरले आहेत. महाबळेश्वरकडे त्यांची जाडी फार मोठी आहे. गिरड मात्र त्यांच्या पूर्व काठाजवळचे, म्हणून इकडे थर पातळ आहेत. काठ किती जवळ आहे पाहा: शेजारच्या उमरेडला जो कोळसा निघतो तो २५ कोटी वर्षांहून जुना. एसटीच्या एका तिकिटात माणूस इतकी वर्षे मागे जातो!

लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले. पुढे खडकातून झिरपणाऱ्या गरम पाण्याने विरघळलेली द्रव्ये आणून त्या पोकळ्या भरल्या. अशा तयार झालेल्या खनिजांच्या एका कुळाला झिओलाइट म्हणतात. शब्दाचा अर्थ उकळणारा दगड. १७५६ साली क्रॉनस्टेट या स्वीडिश शास्त्रज्ञाने असा दगड तापवला, तेव्हा त्यातले पाणी वाफ होऊन तो फसफसला, म्हणून हे नाव. भोवतालचा पाषाण कुजून त्याची माती झाली की आतल्या गाठी मोकळ्या होतात. गिरडचे ‘नारळ’ ते हेच. म्हणजे करवंटीचा साचा घडला लाव्हा थिजेपर्यंतच्या थोड्या अवधीत, आणि आतले खोबरे भरले त्यानंतर सावकाश.

आता खरा घोटाळा. आपण कणगीतल्या धान्यासारखा हिशेब करतो: थर जितका जाड, तितका काळ जास्त. इथे हा हिशेब साफ चुकतो. पुण्याहून कोकणात उतरताना घाटात काळ्या कातळामध्ये विटकरी रंगाचा एखादा पट्टा तुम्ही पाहिला असेल. वरखालचे जाडजूड कातळ काही महिन्यांत किंवा वर्षांत ओतले गेलेले असू शकतात. तो वीतभर लाल पट्टा म्हणजे उद्रेक थांबल्यावर ऊनपावसात झिजलेली जमीन. तिला हजारो वर्षे लागली असतील. जाड ते झटपट आणि पातळ ते प्रदीर्घ, असे हे उलटे माप आहे.

यात धोका कुठला, असे कुणी विचारील. धोका त्या झटपटीत आहे. आइसलँडमध्ये १७८३ च्या जूनमध्ये लाकी इथे जमिनीला भेग पडली आणि आठ महिने लाव्हा वाहिला; सुमारे १५ घनकिलोमीटर. त्याबरोबर निघालेल्या गंधकाच्या आणि इतर विषारी वायूंनी कुरणे नासली, निम्म्याहून अधिक गुरेमेंढरे गेली आणि मागोमागच्या दुष्काळात देशातली जवळजवळ एक पंचमांश माणसे मेली. दख्खनचा एकेक मोठा उद्रेक याच्या कित्येक पट होता. तेवढाच लाव्हा लाखो वर्षांत समान गतीने झिरपला असता, तर पृथ्वीने तो बहुधा पचवला असता. तो धक्क्याधक्क्याने आला असेल तर गोष्ट निराळी.

डायनोसॉर नाहीसे झाले तेही याच सुमारास. त्याच काळात मेक्सिकोत युकातानजवळ एक प्रचंड अशनी आदळला. खरा मारेकरी कोण? २०१९ साली दोन अमेरिकी गटांनी पश्चिम घाटातल्या थरांचे वय काढून एकाच वेळी निष्कर्ष छापले. प्रिन्स्टनच्या गटाने लाल पट्ट्यांत मिळालेले झिरकॉनचे सूक्ष्म कण तपासले. त्यांच्या मते लाव्हा चार झटक्यांत आला आणि त्यांतला एक मोठा झटका प्राणिसंहाराच्या काही दशसहस्र वर्षे आधीचा होता. बर्कलीच्या गटाने आरगॉन वायूवरून वय काढले. त्यांच्या मते लाव्हा बराचसा सलग वाहिला आणि त्यातला मोठा भाग अशनी पडल्यानंतरचा. तोच घाट आणि तेच कातळ, पण घड्याळे दोन! अशनीने घाव घातला हे मला पटते. परंतु त्याआधी हवामान किती ढासळले होते, हे या दोन घड्याळांचा मेळ बसल्याखेरीज कसे कळणार? थोड्या काळात हवेत फार कार्बन गेला तर काय होते, हे आज आपल्यालाही जाणून घ्यायचे आहे.

दोन उद्रेकांमधल्या शांततेत मात्र इकडे तळी साचत, झाडे उगवत, गोगलगायी आणि मासे नांदत. मग पुन्हा लाव्हा येई आणि सारे गाडले जाई. नागपूरजवळ टाकळीच्या अशा थरांतले जीवाश्म स्टीफन हिस्लॉप आणि रॉबर्ट हंटर या मिशनऱ्यांनी गोळा केले आणि १८५५ मध्ये त्यांची माहिती प्रसिद्ध केली. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज ज्यांच्या नावाने आहे तेच हे हिस्लॉप. १८६३ मध्ये टाकळघाटकडची पुरातन शिलावर्तुळे पाहून परतताना बोरीजवळ पुराच्या पाण्यात ते बुडाले.

गिरडचे नारळ हे वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने फळे नव्हेत. खरोखरीची दगड झालेली फळे सापडतात ती उत्तरेला, छिंदवाडा जिल्ह्यातल्या मोहगाव कलान इथे, लाव्हाच्या दोन थरांमध्ये. वाळक्या पानाफुलांबरोबर तळ्यात पडलेली ही फळे गारेने भरून जशीच्या तशी राहिली आहेत. थोर वनस्पतिशास्त्रज्ञ बिरबल साहनी यांनी त्यांचे पातळ काप करून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले. त्यांतल्या एका फळाचे नाते आजच्या कोणत्या झाडाशी लावावे हे त्यांना ठरवता येईना, म्हणून त्यांनी त्याला ‘एनिग्मोकार्पॉन’, म्हणजे कोड्यात टाकणारे फळ, असे नाव दिले.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)