महाकाय अष्टपाद

आपल्या बिलोलीच्या परिसरातील पुष्कळ मुलामुलींनी समुद्र अद्यापि पाहिलेला नसेल; परंतु मांजरा नदीच्या काठी खेकड्याचे बीळ पाहिले नाही असा विद्यार्थी विरळाच. ह्या खेकड्याच्या समुद्रातील भाऊबंदांवर उपजीविका करणारा, आणि स्वतःही बिळातच दडून राहणारा एक विलक्षण जलचर आहे. त्याचे नाव अष्टपाद. इंग्रजी नावावरून त्यास ऑक्टोपस असेही म्हणतात.

हा प्राणी जहाजे ओढून बुडवितो व माणसांचे रक्त शोषितो, अशी समजूत एके काळी दर्यावर्दी लोकांत रूढ होती. व्हिक्टर ह्यूगो ह्या फ्रेंच ग्रंथकाराने १८६६ साली आपल्या एका कादंबरीत अष्टपादाशी झुंजणाऱ्या मनुष्याचे भयंकर चित्र रेखाटले, आणि ती भीती घरोघर पसरली. खरा प्रकार काय आहे तो आता पाहू.

अष्टपाद हा मासा नव्हे; गोगलगाय व शिंपला ह्यांचा तो नातलग होय. त्याच्या शरीरात एकही हाड नसते. कठीण असा एकच मोठा अवयव म्हणजे पोपटासारखी चोच. ती जेथून पार जाईल त्या फटीतून सारा देह पार होतो. त्याच्या जातींपैकी सर्वांत मोठी जात उत्तर पॅसिफिक महासागरात राहते. तिचे शास्त्रीय नामकरण १९१० साली झाले, व त्यात डोफ्लाइन नावाच्या जर्मन प्राणिशास्त्रज्ञाचे नाव गोवलेले आहे. पूर्ण वाढलेल्या अष्टपादाचे वजन सामान्यतः पंधरा ते पन्नास किलो भरते. म्हणजे पन्नास किलोचा अष्टपाद क्विंटलभर ज्वारीच्या निम्मा. हात पसरले असता एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चौदा फूट अंतर होऊ शकते. आठ हातांवर मिळून दोन हजारांहून अधिक चूषक, म्हणजे चिकटून धरणाऱ्या वाटोळ्या वाट्या असतात. ह्या वाट्यांना स्पर्श कळतो, तसाच पदार्थाचा स्वादही कळतो.

जपान व कामचाटकापासून अलास्कामार्गे कॅलिफोर्नियापर्यंतचा थंड समुद्र हे त्याचे वसतिस्थान. त्याचे रक्त निळे असते. कारण आपल्या रक्तात लोहाचे जे कार्य, ते त्याच्या रक्तात तांबे करते. असे रक्त थंड पाण्यात प्राणवायू वाहून नेण्यास सोयीचे असते. शिवाय थंड पाण्यात प्राणवायू अधिक विरघळतो. रक्त खेळविण्यास त्यास तीन हृदये आहेत: दोन कल्ल्यांकडे रक्त ढकलतात, तिसरे सर्वांगास पुरविते.

दिवसा तो बहुधा खडकाच्या कपारीत पडून असतो व रात्री शिकारीस निघतो. शिंपला उघडेना तर त्यास बारीक भोक पाडून आत विषारी लाळ सोडतो. उष्टी कवचे दाराशी टाकतो. त्या ढिगावरून पाणबुड्यांस त्याचे घर ओळखता येते. सील, समुद्री ऊद व मोठे मासे हे त्याचे शत्रू. त्यांच्यापासून बचाव करण्यास तो क्षणात रंग पालटतो, अथवा शाई सोडून निसटतो. ज्यास लोक भितात, तो स्वतःच असा भीत भीत जगतो.

परंतु ह्या प्राण्याची खरी थोरवी त्याच्या मातेत आहे. त्याचे आयुष्य अवघे तीन ते पाच वर्षांचे. आयुष्यात एकदाच मादी कपारीच्या छतास हजारो अंडी माळांप्रमाणे लटकविते. प्रत्येक अंडे तांदळाच्या दाण्याएवढे असते. मग सुमारे सहा महिने ती तेथून हालत नाही. अंड्यांवर शेवाळ धरू नये म्हणून ती हातांनी ती पुसते, आणि त्यांस प्राणवायू मिळावा म्हणून त्यांवर पाण्याचा झोत सोडीत राहते. ह्या काळात ती काहीही खात नाही. देह झिजतो, रंग फिका पडतो. अखेरीस पिले बाहेर पडतात आणि लवकरच ती प्राण सोडते. पिले प्रवाहाबरोबर तरंगत जातात. हजारोंतून एखादे दुसरेच मोठे होते. आईचे तोंड त्यांपैकी एकासही ठाऊक नसते.

समुद्र उष्ण होऊ लागला की त्यातील प्राणवायू घटतो. आज पृथ्वीवरील समुद्र तापत आहेत. माणसास जहाज बुडविणाऱ्या राक्षसाची भीती वाटत होती. आता त्या राक्षसालाच माणसाच्या कृतीपासून धोका आहे.

मुंबईच्या व कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावरही ओहोटीच्या वेळी डबक्यांत लहान जातींचे अष्टपाद आढळतात. कधी सहलीस जाणे झाले तर त्यांस काठीने डिवचू नये. जरा दूर बसून स्वस्थपणे पाहावे. भीती अज्ञानाच्या पोटी जन्मते. आणि जो प्राणी आपणास नीट समजला, त्यास मारावयास हात उचलत नाही.