घरच्या पिनेपासून महामार्गापर्यंत : लातूर-नांदेडच्या चार्जिंगचा मागोवा

लातूर-नांदेडकडे विजेवरच्या पहिल्या स्कूटर आल्या, तेव्हा चार्जिंग स्टेशन कुणी पाहिलेले नव्हते. लेड-ॲसिड बॅटरीच्या त्या हलक्या गाड्या ताशी २५ किलोमीटरच्या पुढे जात नसत. त्यांना ना लायसन लागे, ना नंबरप्लेट. रात्री घरातच पिन लावायची आणि लाईट जाऊ नये एवढीच इच्छा धरायची. ती इच्छा साधी नव्हती. ज्या फीडरवर गळती जास्त आणि वसुली कमी, तिथे भारनियमन अधिक, या हिशेबात मराठवाड्याने फार भोगले आहे.

२०१८ मध्ये चित्र हलले. फेब्रुवारीत राज्याचे पहिले ई-वाहन धोरण आले. एप्रिलमध्ये केंद्राने स्पष्ट केले की चार्जिंग ही वीजविक्री नव्हे, त्यासाठी वेगळा परवाना नको. डिसेंबरच्या मार्गदर्शक तत्त्वांत शहरात ३ बाय ३ किलोमीटरच्या चौकटीत एक आणि महामार्गावर दर २५ किलोमीटरला एक स्टेशन ठरले. मात्र पहिला टप्पा ४० लाखांवरच्या शहरांचा होता. २०११ च्या जनगणनेत नांदेड साडेपाच लाखांचे, लातूर पावणेचार लाखांच्या थोडे वर. २०२१ च्या राज्य धोरणात मुंबईला १५००, पुण्याला ५०० स्टेशने. मराठवाड्यातून नाव फक्त तेव्हाच्या औरंगाबादचे, ७५. हे मला तेव्हाही अन्यायाचे वाटले, आजही वाटते. पुण्या-मुंबईत दुसरी सोय तरी असते. लांबच्या जिल्ह्यात चार्जर नसेल तर गाडी घेण्याचा विचारच मागे पडतो.

तरीही गाड्या आल्या, त्या घरच्या जोरावर. २०२० च्या नेक्सॉन ईव्ही या कारची बॅटरी साधारण ३० युनिटची. १५ अँपियरच्या सॉकेटवर ती भरायला पूर्ण रात्र जाते, कारण एसीचे डीसी करणारा गाडीतला चार्जर लहान असतो. डीसी फास्ट चार्जर हे काम बाहेरच उरकून थेट बॅटरीला वीज देतो. २५ किलोवॅटचा असला तरी तासाभरात ८० टक्क्यांपर्यंत नेतो. त्याला थ्री फेज लागते, आणि डीपीवर, म्हणजे भागातल्या रोहित्रावर, आधीच भार असेल तर प्रश्न तिथेच अडतो.

घरी खरी परीक्षा घेते ती अर्थिंग. ती नीट नसेल तर अनेक गाड्या चार्जिंग सुरूच करत नाहीत, आणि ते योग्यच आहे. जिवाचा प्रश्न आहे. कोळसा-मीठ घातलेल्या खड्ड्याला ओल लागते. २०१६ मध्ये ज्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, तिथली जमीन मे महिन्यात किती कोरडी पडते हे सांगायला नको. त्या दिवसांत अर्थिंगच्या खड्ड्यात बादलीभर पाणी ओतणे हाही चार्जिंगचाच भाग ठरतो. ओल धरून ठेवणाऱ्या रासायनिक अर्थिंगचा खर्च म्हणूनच इथे चैन नाही.

आता शोरूमच्या आवारात, पेट्रोल पंपांच्या कोपऱ्यात चार्जर दिसू लागले आहेत. राज्याच्या २०२५ च्या नव्या धोरणाने राष्ट्रीय महामार्गांवर दर २५ किलोमीटरला फास्ट चार्जिंगचे उद्दिष्ट ठेवले. तुळजापूरहून निघालेला राष्ट्रीय महामार्ग ३६१ लातूर, चाकूर, अहमदपूर, लोहा करत नांदेडला आणि पुढे नागपूरकडे जातो. लातूर-नांदेड हे अंतर सुमारे १४० किलोमीटर. या हिशेबाने वाटेत किमान पाच ठिकाणी सोय हवी. सुरुवात अहमदपूर आणि लोह्यापासून करावी, आणि चार्जर बसवण्याआधी तिथे स्वतंत्र डीपी उभी राहावी.