सेलमचे चेटूक खटले

हा लेख अमेरिकेतील ऐतिहासिक खटल्यांविषयी आहे. तमिळनाडूतील शहरासाठी पहा: सेलम.

सेलमचे चेटूक खटले हे उत्तर अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स बे या इंग्रज वसाहतीत फेब्रुवारी १६९२ ते मे १६९३ या काळात घडलेले फौजदारी खटले होत. सैतानाशी करार करून शेजाऱ्यांना अदृश्य रूपाने छळल्याचा आरोप दीडशेहून अधिक लोकांवर ठेवण्यात आला. त्यांपैकी १४ स्त्रिया व ५ पुरुष अशा १९ जणांना फाशी देण्यात आली, एकाचा दगडांच्या भाराखाली मृत्यू झाला आणि किमान पाच जण तुरुंगात मरण पावले.

पार्श्वभूमी

सेलम व्हिलेज (आजचे डॅनव्हर्स) ही सेलम या बंदराच्या गावाला जोडलेली शेतकऱ्यांची वस्ती होती. येथील रहिवासी प्युरिटन पंथाचे होते. आपला समाज ईश्वराशी केलेल्या कराराने बांधलेला आहे आणि सैतान तो मोडण्यासाठी सतत टपलेला आहे, अशी त्यांची श्रद्धा होती. सैतानाचे अस्तित्व त्यांच्या लेखी रूपक नसून वस्तुस्थिती होती. वसाहतीच्या १६४१ च्या कायद्यात चेटूक हा देहदंडाचा गुन्हा होता.

त्या काळी वसाहतीत अस्थिरता होती. तिची सनद १६८४ मध्ये रद्द झाली होती. उत्तरेच्या सीमेवर फ्रेंच व वाबानाकी यांच्याशी युद्ध सुरू होते आणि तेथून उद्ध्वस्त झालेली कुटुंबे सेलमच्या परिसरात आली होती. गावातही १६८९ मध्ये आलेले धर्मोपदेशक सॅम्युएल पॅरिस यांच्या वेतनावरून व सरपणावरून दोन तट पडले होते.

घटनाक्रम

१६९२ च्या प्रारंभी पॅरिस यांची नऊ वर्षांची मुलगी बेटी आणि अकरा वर्षांची नातलग ॲबिगेल विल्यम्स यांना झटके येऊ लागले. त्या किंचाळत, अंग वेडेवाकडे करीत आणि कोणी अदृश्य हात चिमटे काढत असल्याचे सांगत. वैद्याने हा दुष्ट शक्तीचा प्रभाव असल्याचे निदान केले. लवकरच ॲन पटनम व इतर मुलींनाही तोच त्रास सुरू झाला.

प्रथम पॅरिस यांच्या घरातील गुलाम स्त्री टिटुबा, भीक मागून जगणारी सारा गुड आणि आजारी सारा ऑस्बोर्न यांना अटक झाली. टिटुबाने कबुली दिली आणि आणखी चेटकिणी असल्याचे सांगितले. त्यानंतर आरोपांची व्याप्ती वाढत गेली. सारा गुडची चार-पाच वर्षांची मुलगी डॉरथी हिलाही बेड्या घालून कित्येक महिने तुरुंगात ठेवण्यात आले.

मे १६९२ मध्ये नवे गव्हर्नर विल्यम फिप्स यांनी विशेष न्यायालय स्थापन केले. विल्यम स्टॉटन हे त्याचे मुख्य न्यायाधीश होते. १० जून रोजी ब्रिजेट बिशप हिला पहिली फाशी झाली. ७१ वर्षांच्या रिबेका नर्स या धर्मनिष्ठ वृद्धेच्या बाजूने ३९ शेजाऱ्यांनी अर्जावर सह्या केल्या होत्या. ज्यूरीने प्रथम तिला निर्दोष ठरवले, परंतु फेरविचार करण्यास सांगितल्यावर दोषी ठरवले. १९ जुलै रोजी तिला फाशी देण्यात आली. न्यायालयासमोर रीतसर खटला चालवून घेण्यास नकार देणारे जाइल्स कोरी हे वृद्ध शेतकरी १९ सप्टेंबर रोजी छातीवर रचलेल्या दगडांखाली मरण पावले. शेवटच्या आठ फाशी २२ सप्टेंबर रोजी झाल्या.

छायारूपी पुरावा

आरोपीची छाया आपल्याला छळते, ही पीडिताची साक्ष न्यायालयाने ग्राह्य धरली. ही छाया केवळ पीडितालाच दिसत असे. आरोपी त्या वेळी घरी झोपलेला होता, हे सिद्ध करूनही उपयोग नव्हता. कारण देह एका जागी असताना छाया दुसरीकडे वावरते, असे मानले जाई. त्यामुळे सैतान निरपराध माणसाचे रूप घेऊ शकतो का, या धर्मशास्त्रीय प्रश्नावर आरोपींचे प्राण अवलंबून होते. ईश्वर तसे होऊ देणार नाही, असे स्टॉटन यांचे मत होते.

कबुली देणाऱ्यांना इतरांविरुद्ध साक्षीसाठी जिवंत ठेवले जाई. कबुली देऊन तिच्यावर ठाम राहिलेल्या एकालाही फाशी झाली नाही. कबुली मागे घेणारा सॅम्युएल वॉर्डवेल मात्र फासावर गेला. खोटी कबुली देणे हे प्युरिटन श्रद्धेनुसार पाप होते. म्हणजेच, ज्यांनी धर्माच्या आज्ञेनुसार असत्य बोलण्यास नकार दिला, त्यांनाच सैतानाचे साथीदार ठरवून मारण्यात आले.

शेवट

या खटल्यांना विरोधही त्याच श्रद्धेच्या आधारे झाला. ऑक्टोबर १६९२ मध्ये ज्येष्ठ धर्मोपदेशक इन्क्रीज मॅदर यांनी सैतान निरपराधाचेही रूप घेऊ शकतो, असे प्रतिपादन केले. चेटूक खोटे आहे, असे त्यांचे म्हणणे नव्हते. केवळ छायेच्या साक्षीवर कोणाचा जीव घेऊ नये, एवढेच त्यांचे मत होते. त्याच महिन्यात फिप्स यांनी विशेष न्यायालय बरखास्त केले. जानेवारी १६९३ पासून नव्या न्यायालयाने अशी साक्ष नाकारली आणि बहुतेक आरोपी निर्दोष ठरले. उरलेल्या तीन दोषींची फाशी फिप्स यांनी रोखली.

परिणाम

१४ जानेवारी १६९७ रोजी वसाहतीने प्रायश्चित्ताचा उपवास पाळला. त्या दिवशी न्यायाधीश सॅम्युएल स्यूअल यांनी चर्चमध्ये उभे राहून आपला दोष जाहीरपणे स्वीकारला. १७०६ मध्ये ॲन पटनम हिनेही निरपराधांवर आरोप केल्याबद्दल क्षमा मागितली, परंतु आपण सैतानाच्या भुलीत सापडलो होतो, असे कारण तिने दिले. १७११ मध्ये अनेकांवरील दोष रद्द करून त्यांच्या कुटुंबांना भरपाई देण्यात आली. एलिझाबेथ जॉन्सन हिचे नाव मात्र २०२२ मध्ये दोषमुक्त झाले.

मुलींच्या झटक्यांसाठी राय धान्यावरील अरगट बुरशीची विषबाधा, युद्धाचा मानसिक आघात, गावातील वैर अशी वेगवेगळी कारणे अभ्यासकांनी मांडली आहेत. त्यांपैकी कोणतेही एक सर्वमान्य नाही. आर्थर मिलर यांचे 'द क्रूसिबल' (१९५३) हे नाटक या खटल्यांवर आधारित आहे.