देशपांडे, सुलभा
(१९३७ – ४ जून २०१६). मराठी व हिंदी रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या माध्यमांतील श्रेष्ठ अभिनेत्री. प्रायोगिक व बालरंगभूमीच्या एक प्रमुख कार्यकर्त्या. माहेरचे आडनाव कामेरकर. जन्म मुंबई येथे. दादरच्या छबिलदास शाळेत त्या शिक्षिका होत्या. शाळेतील मुलांची नाटके बसविताना बालनाट्याशी त्यांचा जो संबंध आला, तो पुढे कायम राहिला. नट-दिग्दर्शक अरविंद देशपांडे हे त्यांचे पती.

१९६० मध्ये स्थापन झालेल्या ‘रंगायन’ या प्रायोगिक नाट्यसंस्थेतून सुलभाबाईंच्या अभिनयाला दिशा मिळाली. विजय तेंडुलकरांचे शांतता! कोर्ट चालू आहे हे नाटक या संस्थेने अरविंद देशपांडे यांच्या दिग्दर्शनाखाली १९६७ मध्ये रंगभूमीवर आणले. त्यातील लीला बेणारे ही अविवाहित शिक्षिका. खेळ म्हणून मांडलेल्या अभिरूप न्यायालयात तिच्या खाजगी आयुष्याचीच चौकशी सुरू होते आणि खेळाचे रूपांतर क्रूर शिकारीत होते. आरंभीचा अवखळपणा, मग सावधपणा, त्यानंतरचे कोंडलेले मौन आणि अखेरचे प्रदीर्घ स्वगत हा सारा चढता आलेख सुलभाबाईंनी आक्रस्ताळेपणाचा आश्रय न घेता साकार केला. या भूमिकेमुळे त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले. सत्यदेव दुबे यांनी १९७१ मध्ये काढलेल्या याच नाटकाच्या चित्रपटातही बेणारे त्यांनीच रंगविली.

रंगायनमधून बाहेर पडल्यावर देशपांडे दांपत्याने अरुण काकडे व अन्य सहकाऱ्यांसह १९७१ मध्ये ‘आविष्कार’ ही संस्था स्थापन केली. प्रायोगिक नाटकाला प्रेक्षक थोडे आणि व्यावसायिक नाट्यगृहांचे भाडे न परवडणारे. त्यामुळे हक्काच्या जागेचा प्रश्न बिकट होता. सुलभाबाई शिकवीत असलेल्या शाळेच्या सभागृहाने तो १९७४ मध्ये सोडविला. अल्प भाड्याच्या या साध्या दालनात रंगमंच व प्रेक्षक यांची मांडणी नाटकाच्या गरजेप्रमाणे बदलता येई. इतर संस्थांनाही ते खुले असल्याने तरुण नाटककारांना व दिग्दर्शकांना आर्थिक यशाची चिंता न बाळगता प्रयोग करता आले. हीच पुढे ‘छबिलदास चळवळ’ म्हणून ओळखली गेली. कालांतराने ते सभागृह सुटले आणि आविष्कारने माहीम येथील महानगरपालिकेच्या शाळेत आपले कार्य चालू ठेवले. १९८७ मध्ये अरविंद देशपांडे यांचे निधन झाल्यानंतरही सुलभाबाई संस्थेच्या कार्यात राहिल्या.

आविष्कारच्या ‘चंद्रशाला’ या बालविभागातून त्यांनी अनेक मुलांना नाट्यशिक्षण दिले. पाठांतर करून घेण्यापेक्षा मुलांच्या स्वाभाविक खेळकरपणातून अभिनय फुलविण्याकडे त्यांचा कल असे. माधव साखरदांडे यांच्या दुर्गा झाली गौरी या नृत्यनाट्याचे प्रयोग या विभागाने वर्षानुवर्षे केले. त्यांत मुलांच्या अनेक पिढ्या सहभागी झाल्या. तेंडुलकरांच्या बालनाट्यावरील राजा रानी को चाहिए पसीना (१९७८) हा हिंदी बालचित्रपट सुलभाबाईंनी दिग्दर्शित केला.

चित्रपटांत त्यांच्या वाट्याला मुख्यतः दुय्यम भूमिका आल्या. तथापि त्या त्यांनी ठसठशीत केल्या. भूमिका (१९७७) या श्याम बेनेगल यांच्या चित्रपटातील नायिकेची करारी आई आणि चौकट राजा (१९९१) मधील मतिमंद मुलाची सोशिक आई ही परस्परभिन्न उदाहरणे त्यांचा आवाका दर्शवितात. जैत रे जैत (१९७७), गमन (१९७८) व इंग्लिश विंग्लिश (२०१२) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय चित्रपट होत. तनहा, मिसेस तेंडुलकर यांसारख्या दूरचित्रवाणी मालिकांमुळे त्या घरोघरी पोहोचल्या.

संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९८७), तन्वीर सन्मान (२०१०) इ. सन्मान त्यांना लाभले. मुंबई येथे त्यांचे निधन झाले.

सुलभाबाईंच्या अभिनयाचे बळ संयत उच्चारणात व बोलक्या विरामांत होते. मात्र केवळ भूमिकांच्या यादीवरून त्यांच्या कार्याचे मोल ठरविता येत नाही. प्रायोगिक रंगभूमीला आवश्यक असणारी जागा, नवे कलावंत आणि जाणते प्रेक्षक या तिन्ही गोष्टी घडविण्यात त्यांचा वाटा होता, आणि त्यामागे त्यांच्यातील अभिनेत्रीइतकीच शिक्षिकाही होती.