पट्टकृमी : आतड्यातला आणि मेंदूतला

पट्टकृमीला तोंड नाही, पोट नाही, आतडे तर नाहीच. त्याची त्याला गरजही पडत नाही, कारण तो दुसऱ्याच्या आतड्यात राहतो. माणसाच्या लहान आतड्यात पचून तयार झालेले अन्न तो सबंध त्वचेने शोषून घेतो. डोके टाचणीच्या माथ्याएवढे, जेमतेम एक मिलिमीटरचे. त्यावर चार चूषक असतात, आणि डुकराकडून येणाऱ्या जातीत त्याखेरीज बारीक आकड्यांची दुहेरी कडी. एवढ्याच आधारावर तो आतड्याच्या भिंतीला धरून बसतो. डोक्यामागच्या मानेतून एकामागून एक चपटे खंड फुटत राहतात, जुने मागे ढकलले जातात, आणि दोन-तीन महिन्यांत खाटेच्या नवारीसारखी कित्येक मीटर लांबीची पट्टी तयार होते. प्रत्येक खंडात नर आणि मादी दोन्हींची इंद्रिये असतात. शेपटाकडचे पिकलेले खंड म्हणजे अंड्यांनी गच्च भरलेल्या पिशव्याच.

माणसाच्या आतड्यात वाढणाऱ्या मोठ्या पट्टकृमींमध्ये दोन जाती महत्त्वाच्या. टीनिया सॅजिनाटा गोमांसातून येतो. तो सहसा पाचेक मीटरचा असतो, क्वचित पंचवीस मीटरपर्यंतही वाढतो. टीनिया सोलियम डुकराच्या मांसातून येतो, लांबी २ ते ७ मीटर. सॅजिनाटाचे खंड सुटल्यावर वळवळतात आणि कधी कधी आपणहून बाहेर येतात. भोपळ्याच्या बीएवढा, हलणारा पांढरा तुकडा कपड्यावर दिसला की रोगी घाबरून डॉक्टर गाठतो. सोलियमचे खंड मात्र निमूटपणे शौचावाटे जातात, त्यामुळे तो वर्षानुवर्षे कोणाच्या लक्षात येत नाही. जंत झाले की माणूस बकासुरासारखा खातो आणि तरी वाळत जातो, ही समजूत पट्टकृमीच्या बाबतीत फारशी खरी नाही. बहुतेकांना काहीच त्रास होत नाही. झालाच तर थोडी पोटदुखी, मळमळ, भूक कमी-जास्त होणे इतकेच. गोमांसाच्या पट्टकृमीची कथा जवळपास येथेच संपते. डुकराच्या पट्टकृमीची येथून सुरू होते.

सोलियमच्या एका पिकलेल्या खंडात सुमारे ५०,००० अंडी असतात. उघड्यावर पडलेली विष्ठा डुकराने खाल्ली की ती त्याच्या पोटात जातात. गोव्यातल्या जुन्या घरांच्या मागे तर संडासाची रचनाच अशी असे की खाली डुक्कर वाट पाहत उभे. अंड्यातून निघालेला सहा आकड्यांचा सूक्ष्म गर्भ आतड्याची भिंत भेदून रक्तात शिरतो आणि स्नायूंमध्ये जाऊन बसतो. तेथे त्याची पाण्याने भरलेली, वाटाण्याहून थोडी लहान पांढरट पिशवी होते. आत उलटे दुमडलेले डोके तयार असते. असे मांस कच्चे-पक्के खाल्ले की पिशवीतले डोके बाहेर येऊन माणसाच्या आतड्याला चिकटते.

या पिशव्या माणसाला फार जुन्या काळापासून माहीत आहेत. डुकराची जीभ ओढून तिच्यावर गाठी आहेत का, हे पाहण्याचा उल्लेख प्राचीन ग्रीक नाटककार अॅरिस्टोफेनिसच्या नाटकात आहे, आणि पेरूच्या खेड्यांतले डुक्करवाले आजही तेच करतात. पण पिशवी आणि पट्टी हे एकाच प्राण्याचे दोन अवतार आहेत, हे एकोणिसाव्या शतकापर्यंत ठाऊक नव्हते; दोघांना वेगवेगळी नावेसुद्धा दिली होती. जर्मन डॉक्टर फ्रीडरिख क्यूखेनमाइस्टर याने १८५५ साली हा गुंता सोडवला, तो ज्या रीतीने सोडवला ती आज ऐकवत नाही. फाशीची शिक्षा झालेल्या एका खुन्याला त्याच्या नकळत पिशव्या असलेले डुकराचे मांस खाऊ घातले गेले आणि फाशीनंतर शवविच्छेदनात त्याच्या आतड्यात कोवळे पट्टकृमी सापडले. शास्त्र पुढे गेले, पण या प्रयोगावर त्याच काळातही टीका झाली.

आता सर्वांत गैरसमजाचा भाग. पिशवी खाल्ली तर आतड्यात पट्टकृमी होतो. अंडी खाल्ली तर माणसाचे तेच होते जे डुकराचे होते: गर्भ रक्तातून फिरतो आणि स्नायूंत, त्वचेखाली, डोळ्यात किंवा मेंदूत पिशवी करून बसतो. या दुसऱ्या आजाराला सिस्टिसरकोसिस म्हणतात, आणि मेंदूत झाला तर न्यूरोसिस्टिसरकोसिस. अंडी येतात ती माणसाच्या विष्ठेतून. म्हणजे मेंदूतल्या पिशवीचा डुकराचे मांस खाण्याशी थेट संबंध नाही. संबंध आहे तो आसपासच्या कोणाच्या तरी आतड्यात असलेल्या पट्टकृमीशी आणि न धुतलेल्या हातांशी. जन्मभर शाकाहारी असलेल्या माणसालाही हा आजार होतो तो यामुळेच.

याचा ठळक पुरावा न्यूयॉर्कमधून आला. डुकराचे मांस धर्माने निषिद्ध असलेल्या कट्टर ज्यू समाजातल्या चौघांच्या मेंदूत या पिशव्या आढळल्या. त्याचा वृत्तान्त १९९२ मध्ये प्रसिद्ध झाला. शोध घेता रोख वळला तो त्या घरांत काम करणाऱ्या, लॅटिन अमेरिकेतून आलेल्या स्त्रियांकडे. त्यांच्यातल्या कोणाच्या आतड्यात पट्टकृमी होता आणि अंडी तिच्या हातांवाटे घरात पसरली होती. त्याहून विदारक प्रसंग न्यू गिनीच्या इंडोनेशियन भागातला. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला तेथील डोंगराळ पनिआई सरोवरांच्या परिसरात बालीहून भेट म्हणून डुकरे आणली गेली. काही काळाने तेथील एकारी लोकांमध्ये भाजलेल्या रुग्णांची संख्या एकाएकी वाढली. थंडीमुळे ते झोपडीत चुलीभोवती झोपत, आणि झोपेत फिट येऊन विस्तवात पडत.

फिट येते ती कशी, हे समजून घेण्यासारखे आहे. मेंदूतली जिवंत पिशवी बहुधा गप्प असते, कारण कृमी शरीराची प्रतिकारशक्ती दाबून ठेवतो. काही महिन्यांनी किंवा वर्षांनी तो मरू लागला की हा दाब सुटतो, भोवती सूज येते आणि तेव्हा झटके सुरू होतात. भारतात नोकरी करून परतलेल्या ब्रिटिश सैनिकांचा अनुभव हाच होता. डिक्सन आणि लिप्सकोम्ब यांनी अशा ४५० रुग्णांचा अभ्यास १९६१ मध्ये प्रसिद्ध केला. लागण झाल्यावर कित्येकांना झटके यायला बरीच वर्षे लागली होती. शेवटी पिशवी आटून कॅल्शियमचा ठिपका उरतो, आणि तो ठिपकाही पुढे त्रास देऊ शकतो. झटक्यांखेरीज डोकेदुखी असते. मेंदूतल्या पाण्याचा मार्ग अडला तर जीवही धोक्यात येतो. हा रोग रुजलेल्या प्रदेशांत अपस्माराच्या सुमारे ३० टक्के रुग्णांमागे हे कारण असल्याचे जागतिक आरोग्य संघटना सांगते. फेफरे म्हणून ज्याच्या नाकाला कांदा किंवा चप्पल लावली जाते, त्याच्या डोक्यात कधी कधी असा पाहुणा असतो.

भारतीय रुग्णांमध्ये अनेकदा एकच लहानशी गाठ आढळते. सीटी स्कॅन आल्यावर ती दिसू लागली तेव्हा ती क्षयाची समजून महिनोन्महिने क्षयाची औषधे दिली जात. गाठ नाहीशी होई आणि श्रेय औषधाला मिळे. वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजातील डॉ. मॅथ्यू चँडी, डॉ. वेदांतम राजशेखर आणि सहकाऱ्यांनी अशा गाठी काढून तपासल्या, तेव्हा बहुसंख्य गाठी मरणाऱ्या पट्टकृमीच्या पिशव्या निघाल्या. त्या औषधाविनाही विरून जातात.

अलीकडे या सगळ्याचा ठपका कोबीवर आला आहे. ‘कोबीतली अळी मेंदूत जाते’ असे संदेश फोनवर फिरतात आणि घरोघरी कोबी बंद होतो. कोबीतली अळी पतंगाची असते. तिचा पट्टकृमीशी काही संबंध नाही. मैलापाण्यावर पिकवलेल्या कोणत्याही भाजीला अंडी चिकटू शकतात, ती नीट शिजवल्यावर मरतात. धोका असलाच तर न धुता कच्च्या खाल्लेल्या कोथिंबीर-मुळ्याचा, पण त्यांच्यावर असे संदेश कोणी लिहीत नाही.

आतड्यातल्या पट्टकृमीला प्राझिक्वांटेल किंवा निक्लोसामाइडची एक मात्रा बहुधा पुरते. मेंदूतल्या पिशव्यांचे तसे नाही. औषधाने कृमी मेला की सूज वाढते, म्हणून अल्बेंडाझोल देताना सोबत स्टिरॉइड आणि झटके थांबवणारी औषधे देतात, आणि डोळ्यात पिशवी नाही ना हे आधी पाहतात. मेंदूत लपलेल्या पिशव्या असताना नुसत्या आतड्यासाठी घेतलेल्या प्राझिक्वांटेलनेही झटका येऊ शकतो. जंताचे औषध दुकानातून आणून आपल्या मनाने घेऊ नये, याचे हे एक सबळ कारण. शाळांतून जंतनाशक दिनी मिळणारी अल्बेंडाझोलची गोळी मुख्यतः गोलकृमी, अंकुशकृमी आणि चाबूककृमी यांच्यासाठी असते.

बाकीच्या पट्टकृमींपैकी बुटका पट्टकृमी मुलांमध्ये सर्वाधिक आढळतो. तो जेमतेम १५ ते ४० मिलिमीटरचा, आणि त्याला मधल्या प्राण्याची गरज लागत नाही. माशांतून येणारा पट्टकृमी थंड गोड्या पाण्याच्या देशांतला. तो बी-१२ जीवनसत्त्व पळवतो. कुत्र्याच्या आतड्यातल्या चिमुकल्या एकिनोकॉकसची अंडी माणसाच्या पोटात गेली तर यकृतात किंवा फुफ्फुसात नारळाएवढीही गाठ होऊ शकते. त्याचे चक्र कुत्रा आणि मेंढी यांच्यात फिरते, म्हणून मेंढपाळांना त्याची जोखीम अधिक.

सोलियमचा प्रौढ कृमी माणसाखेरीज कुठेच वाढत नाही, त्यामुळे तो समूळ नष्ट करता येण्याजोगा मानला जातो. पेरूच्या तुंबेस भागात माणसांना व डुकरांना औषधे देऊन आणि डुकरांना लस टोचून बहुतेक गावांतून त्याचा फैलाव थांबवता आला. २०१६ मध्ये ते निष्कर्ष प्रसिद्ध झाले. डुकरांची लस मेलबर्न विद्यापीठातील मार्शल लाइटोलर्स यांच्या चमूने शोधली आणि तिचे उत्पादन हैदराबादची इंडियन इम्युनॉलॉजिकल्स करते. लसीने नवी लागण टळते, पण आधीच्या पिशव्या मरत नाहीत, म्हणून जोडीला ऑक्सफेंडाझोल पाजावे लागते. अडचण निराळीच आहे. पिशव्यांनी भरलेले डुक्कर बाहेरून धडधाकट दिसते, चरते, लठ्ठ होते. त्याच्या मालकाने पदरचे पैसे घालून दोनदा सुई का टोचावी, याचे उत्तर लसीच्या कुपीत नाही.