अंधारालाही लाइट लागतो!

महाबळेश्वरचा वीकेंड म्हणजे वेण्णा लेक, स्ट्रॉबेरी क्रीम आणि सनसेटचे फोटो. यावेळी मी मात्र पाचगणीवरून पसरणी घाट उतरून थेट वाईजवळच्या मेणवलीत गेले. कृष्णाकाठी नाना फडणवीसांचा वाडा, दगडी घाट... अरे, हे तर ‘स्वदेस’मधलं चरणपूर! २००४च्या त्या सिनेमातलं उत्तर प्रदेशातलं गाव बरंचसं आपल्या सातारा जिल्ह्यातच शूट झालं. बघताना शंका आली होती? नाही ना? त्याचं क्रेडिट कॅमेरामन महेश अणे यांनाही जातं.

तो सीन आठवा. गावात पडद्यावर सिनेमा रंगलाय आणि वीज जाते. मग शाहरुख मुलांना तारे दाखवतो. काळोखात शूटिंग, त्यात काय मोठंसं? गंमत तिथेच आहे. अंधार दाखवायलाही लाइट लागतो. कमी पडला तर चेहरे गायब, जास्त झाला तर वीज गेलीय हे पटतच नाही. त्यात जमाना रिळांचा. हजार फुटांचं रीळ ११ मिनिटांत संपणार आणि खरा रिझल्ट लॅबमधून आल्यावरच कळणार!

‘स्वदेस’ तेव्हा फारसा चालला नाही, पण अणेंना सर्वोत्कृष्ट छायालेखनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. आपलं काम दिसावं म्हणून आपण प्रत्येक मेलला बॉसला सीसी करतो. या करिअरमध्ये नेमकं उलटं. लाइटिंग केलंय हे प्रेक्षकाला जाणवलं, की काम फसलं!